तुम्ही विचारलंत म्हणून: 'हाराकिरी'तली बांबूची तलवार

मासाकी कोबायाशी यांचा 'हाराकिरी' (१९६२) पाहिलेले बरेच जण मला विचारतात, त्यातल्या मोतोमे या गरीब तरुण सामुराईच्या म्यानात पोलादाऐवजी बांबू आहे हे कुणालाच कसं कळलं नाही? उत्तरात कथा उघड होते. सिनेमा पाहायचा असेल तर आधी पाहून या.

जपानी तलवारीचं पातं मुठीत कायमचं बसवलेलं नसतं. पात्याच्या शेपटाला भोक असतं, त्यातून मुठीच्या आरपार बांबूची छोटी खुंटी जाते. ती ठोकून काढली की पातं सुटतं. म्हणजे पातं विकून मूठ, चकती आणि म्यान जवळ ठेवता येतात. पातं साध्या लाकडी म्यानात जपायचं असेल, तर सजवलेल्या म्यानात लाकडी पातं घालून ठेवण्याची रीतही आहेच. त्याला 'त्सुनागी' म्हणतात. कमरेला खोचलेली असताना बाहेरून काही दिसत नाही. हातात घेतली की मात्र वजन लगेच बोलतं, कारण पोलादी पातं पाऊण किलोच्या आसपास असतं.

आणि खरं सांगायचं तर ते कळलं होतं. काही मदत मिळेल या आशेनं मोतोमे ईई घराण्याच्या वाड्यावर जातो आणि तिथं पोट चिरून मरण्याची परवानगी मागतो. तिथल्या माणसांनी त्याच्या तलवारी तपासल्या होत्या. तरीही याच तलवारीनं पोट चीर, असा त्यांनी आग्रह धरला. सेप्पुकूत, म्हणजे सामुराईच्या पोट चिरून मरण्याच्या विधीत, पोट कापलं की मागे उभा असलेला साहाय्यक मान उडवून यातना संपवतो. बांबूला धार नाही, तो कापत नाही. अंगाचं सगळं वजन टाकलं तरच रुततो. आणि इथला साहाय्यक ओमोदाका, पोट रीतसर चिरल्याशिवाय तलवार उचलायलाच तयार नाही. नियम अक्षरशः पाळून केलेला हा छळ आहे.

काळ १६३० चा. १६१९ मध्ये परवानगीविना किल्ल्याची डागडुजी केली म्हणून शोगुनानं, म्हणजे जपानच्या लष्करी सत्ताधीशानं, हिरोशिमाचं फुकुशिमा घराणं मोडलं, आणि त्याचे सामुराई एदोत (आजच्या टोकियोत) रस्त्यावर आले. कमरेला दोन तलवारी नसत्या, तर मोतोमेला सामुराई म्हणून कुणी दारात उभं केलं नसतं. आजारी बायको-मुलासाठी पातीच काय ती विकण्याजोगी.

मला सर्वांत जास्त लागतो तो मोतोमेचा सासरा हान्शिरो याचा पश्चात्ताप. जावयानं पाती विकली. सासऱ्याला मात्र स्वतःची तलवार विकावी हे कधी सुचलंच नाही. हान्शिरोच्या भूमिकेतला तात्सुया नाकादाई तलवारीकडे पाहून रडतो तो प्रसंग पुन्हा पाहा. ईईंच्या वाड्यात तो पुढे जे बोलतो, त्यातला राग आधी स्वतःवरचा आहे.