तुम्ही विचारलंत म्हणून : धर्मशास्त्र कशाला, सरळ पर्यावरणशास्त्र का नाही?

ख्रिस्ती धर्मशास्त्राच्या विभागात पर्यावरणविषयक नीतिशास्त्र शिकवतो, असे सांगितले की समोरचा हमखास विचारतो, की मग सरळ पर्यावरणशास्त्रच का घेतले नाही? प्रश्न रास्त आहे. विज्ञान टाळण्यासाठी कोणी इकडे येत असेल, तर त्याने येऊच नये, असे माझे मत आहे.

विद्यार्थ्यांपुढे मी सीलिया डीन-ड्रमंड या ब्रिटिश धर्मशास्त्रज्ञ बाईंची कारकीर्द ठेवतो. त्यांची पहिली डॉक्टरेट रेडिंग विद्यापीठातली, वनस्पतींच्या शरीरक्रियाशास्त्रातली. जवाच्या रोपांची मुळे नायट्रेट, म्हणजे खतातले नत्र, कशी शोषतात हे मोजण्यासाठी त्यांनी एका सहकाऱ्यासोबत नायट्रेटऐवजी त्याच्यासारखेच शोषले जाणारे, पण माग काढता येणारे किरणोत्सारी क्लोरेट वापरून पाहिले आणि ते काम १९८२ साली ‘प्लांट फिजिऑलॉजी’त छापून आले. दुसरी डॉक्टरेट मँचेस्टरची, युर्गेन मोल्टमान या जर्मन धर्मशास्त्रज्ञाच्या सृष्टिविचारावर.

खत मुळापाशी पोचल्यावर पुढे काय होते हे ज्या व्यक्तीने प्रयोगशाळेत पाहिले आहे, ती जनुकीय फेरफारांवर लिहू लागते तेव्हा ‘हे देवाला मान्य नाही’ एवढ्यावर तिचे भागत नाही आणि ‘उत्पन्न वाढते’ एवढ्यावरही भागत नाही. डीन-ड्रमंड तेराव्या शतकातले ख्रिस्ती तत्त्वज्ञ थॉमस अक्वायनस यांच्या विवेकविचाराकडे वळल्या. आधी सल्लामसलत, मग पारख, मग कृती, आणि या तिन्हींत पूर्वानुभवाची आठवण, दूरदृष्टी व सावधपणा हवा, असे तो विचार सांगतो. त्यामुळे तंत्रज्ञानाइतकीच ते वापरायचे ठरवणाऱ्यांचीही तपासणी होते. हा भाग मोजमापाने हाती लागत नाही, आणि धर्मशास्त्राचे खरे काम मला इथे दिसते.

१९६७ साली इतिहासकार लिन व्हाइट यांनी ‘सायन्स’मध्ये पर्यावरणाच्या संकटाचे मूळ पाश्चात्त्य ख्रिस्ती धर्माच्या मानवकेंद्री वृत्तीत दाखवले. त्यानंतर आमच्यातल्या अनेकांनी धर्माचे वकीलपत्र घेण्यातच हयात घालवली. (आरोप अर्धवट होता, पण निराधार नव्हता.)

राहिला पोटापाण्याचा प्रश्न. डीन-ड्रमंड चेस्टर आणि अमेरिकेतल्या नोत्र दाम विद्यापीठात शिकवून २०१९ मध्ये ऑक्सफर्डच्या कॅम्पियन हॉलमधील ‘लाउदातो सी’ संशोधन संस्थेच्या संचालक झाल्या. पोप फ्रान्सिस यांच्या पर्यावरणावरील २०१५च्या परिपत्रकाचे नाव त्या संस्थेला दिलेले आहे. अशा जागा जगातच मोजक्या आहेत. वसईत पाण्यासाठी आणि हिरव्या पट्ट्यासाठी लोकांबरोबर उभे राहिलेले फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांच्यासारखे काम करण्याची ज्यांना ओढ आहे, त्यांना विद्यापीठ कंटाळवाणे वाटेल, कारण इथला बराचसा दिवस दुसऱ्यांचे शोधनिबंध नीट समजून घेण्यातच जातो.