टस्कीगीचं मोटन फील्ड: 99 व्या फायटर स्क्वॉड्रनची पहिली धावपट्टी

अटलांटाहून आय-85 ने मॉन्टगोमेरीच्या दिशेने निघालं की साधारण दोन तासांत 38 नंबरचा एक्झिट येतो. मोटन फील्ड तिथून अगदी जवळ आहे. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकी लष्कराचे पहिले कृष्णवर्णीय वैमानिक इथे उडायला शिकले. त्यांची पहिली तुकडी म्हणजे 99 वी स्क्वॉड्रन. जॉर्जियाची हद्द ओलांडून अलाबामात शिरताच घड्याळ एक तास मागे जातं, त्यामुळे सकाळी आठला निघालात तर तिथल्या नऊला पोचता. परतताना हाच तास हातचा जातो. त्याच संध्याकाळी अटलांटाहून विमान पकडायचं असेल तर हा हिशोब आधीच करून ठेवा.

जागा नॅशनल पार्क सर्व्हिसची आहे आणि प्रवेश फुकट आहे. उघडण्याचे वार आणि वेळा बदलत असतात, म्हणून निघण्याच्या आदल्या दिवशी त्यांच्या संकेतस्थळावर बघून घ्या. गाडी उंचावर लागते आणि हँगर खाली आहेत. जाताना उतार आहे, येताना चढ. उन्हाळ्यात तिथे दमट उकाडा असतो आणि दुपारी गडगडाटी पाऊस येतो. सोबत वयस्कर माणसं असतील तर हँगरजवळच्या राखीव पार्किंगची चौकशी करा. खाली उतरण्याआधी वरूनच सगळं मैदान नीट बघून घ्या, कारण हँगर, टॉवर आणि पट्टी यांची मांडणी एका नजरेत इथूनच कळते.

इथे येणारे बरेच जण एक घोळ करतात, तो आधी सोडवू. टस्कीगीत या प्रशिक्षणाचे मुख्य विमानतळ दोन होते. मोटन फील्ड टस्कीगी इन्स्टिट्यूटचं, म्हणजे कृष्णवर्णीयांसाठीच्या शिक्षणसंस्थेचं (आताचं टस्कीगी विद्यापीठ) होतं. रोझेनवाल्ड फंड या धर्मादाय निधीच्या कर्जातून ते उभं राहिलं आणि संस्थेचे दुसरे प्रमुख रॉबर्ट मोटन यांचं नाव त्याला मिळालं. इथे फक्त प्राथमिक उड्डाण शिकवत. शिकवणारे कृष्णवर्णीय नागरी प्रशिक्षक होते आणि त्यांचे प्रमुख होते आल्फ्रेड ‘चीफ’ अँडरसन. पुढचे टप्पे आणि लढाऊ विमानांचा सराव काही मैलांवरच्या टस्कीगी आर्मी एअर फील्डवर होई, लष्करी गोऱ्या अधिकाऱ्यांच्या हाताखाली. तो तळ 1946 मध्ये बंद झाला. तो शोधत गाडी फिरवू नका, तिथे बघण्यासारखं काही उरलेलं नाही.

हँगर 1 मध्ये सर्वांत जास्त वेळ द्या. घाई असणारे लोक इथून दहा मिनिटांत बाहेर पडतात, आणि नेमकी इथेच स्क्वॉड्रन कशी घडली ते दिसतं. मधोमध स्टीअरमन हे प्रशिक्षणाचं विमान उभं आहे: निळं धड, पिवळे पंख, दोन मजली पंखांवर ताणलेलं कापड. प्रशिक्षक पुढे आणि विद्यार्थी मागे बसे. प्रशिक्षकाचा आवाज एका रबरी नळीतून विद्यार्थ्याच्या कानात येई. नळी एकतर्फी होती, विद्यार्थ्याला उलट बोलता येत नसे. इंजिन 220 अश्वशक्तीचं. ते सुरू करायला जमिनीवरच्या माणसाला हँडल फिरवून आधी आतलं जड चाक वेगात आणावं लागे.

आता खाली वाकून चाकं बघा. पुढच्या दोन चाकांमधलं अंतर कमी, विमानाचा गुरुत्वमध्य उंच आणि चाकांच्या मागे, शेपटीला छोटं चाक. उतरल्यावर नाक जरा तिरकं झालं की मागचं वजन ते आणखी तिरकं करतं, विमान गर्रकन फिरतं आणि खालच्या पंखाचं टोक जमिनीला घासतं. यालाच ग्राउंड लूप म्हणतात. सुटका एकच, वेग पूर्ण उतरेपर्यंत पाय रडरवर (शेपटीच्या सुकाणूच्या पेडलवर) जागे ठेवणं. आजूबाजूच्या खोल्याही बघा. वैमानिकांइतकंच काम मेकॅनिक, पॅराशूट घडी घालणारे आणि कारकून यांनी केलं. 22 मार्च 1941 ला इलिनॉयच्या शनूट फील्डवर 99 वी पर्सूट स्क्वॉड्रन (हीच पुढे फायटर स्क्वॉड्रन) सुरू झाली तेव्हा तिच्यात आधी जमिनीवरची माणसंच तयार झाली. पहिले पाच वैमानिक त्यानंतर जवळपास वर्षभराने, 7 मार्च 1942 ला शिकून बाहेर पडले. वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीत चार वर्षं ज्यांच्याशी कोणी बोललं नाही, ते बेंजामिन डेव्हिस त्या पाचांतले एक.

हँगर 2 जळून गेला होता, आता आहे तो नव्याने बांधलेला. आत लाल शेपटीच्या पी-51 मस्टँग या लढाऊ विमानाची पूर्ण आकाराची प्रतिकृती टांगलेली आहे. ती बघताना एक लक्षात ठेवा: 99 वी युद्धात उतरली तेव्हा तिच्याकडे जुनी पी-40 होती आणि शेपट्या लाल नव्हत्या. पहिली मोहीम 2 जून 1943 ला, भूमध्य समुद्रातल्या पँटेलेरिया बेटावर. 2 जुलैला चार्ल्स हॉल यांनी सिसिलीवर पहिलं जर्मन विमान पाडलं. सप्टेंबरमध्ये वरिष्ठांकडून अहवाल गेला की ही स्क्वॉड्रन आक्रमक नाही. नव्या स्क्वॉड्रनमध्ये एरवी दोन-चार मुरलेले वैमानिक असत. वंशभेदामुळे इथे तसं कोणी देताच येत नव्हतं, आणि स्क्वॉड्रनचे प्रमुख डेव्हिस यांनी वॉशिंग्टनला जाऊन हेच सांगितलं. उत्तर जानेवारी 1944 मध्ये इटलीतल्या अँझिओवर मिळालं, दोन दिवसांत डझनभर विमानं पाडून. उन्हाळ्यात 99 वी इटलीतल्या रामितेल्लीला कृष्णवर्णीय वैमानिकांच्याच 332 व्या ग्रुपमध्ये गेली, तेव्हा मस्टँग आणि लाल शेपट्या आल्या. 24 मार्च 1945 च्या बर्लिन मोहिमेत ग्रुपने तीन जेट विमानं पाडली.

बाँबर विमानांना सोबत करून त्यांचं रक्षण करणं हे या ग्रुपचं काम होतं. ‘यांनी एकही बाँबर गमावला नाही’ हे वाक्य अजून कानावर येतं. मुलांना ते सांगू नका. हवाई दलाच्या इतिहासकारांनी नोंदी तपासल्या, तेव्हा या ग्रुपच्या संरक्षणाखाली असताना 27 बाँबर पाडले गेल्याचं निघालं. इटलीतल्या त्याच पंधराव्या एअर फोर्समधल्या, बाँबरना सोबत करणाऱ्या इतर ग्रुपची सरासरी 46 होती. खरा आकडाच पुरेसा भारी आहे.

दोन्ही हँगरना मिळून दोन-अडीच तास ठेवा. उरलेल्या वेळात टस्कीगी विद्यापीठात जा. संस्थेचे पहिले प्रमुख बुकर टी. वॉशिंग्टन यांच्या पुतळ्यापाशी 19 जुलै 1941 ला पहिल्या तुकडीचा उद्घाटन समारंभ झाला होता. आवारातलं, शेतीशास्त्रज्ञ जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर यांच्या नावाचं कार्व्हर म्युझियमही बघण्यासारखं आहे. वॉशिंग्टन यांचं घर ‘द ओक्स’ मात्र ठरलेल्या वेळीच दाखवतात, ती वेळ आधी विचारून घ्या.

टस्कीगी लहान गाव आहे, शाकाहारी जेवणाची फारशी आशा धरू नका. डबा सोबत घ्या, नाहीतर परतीच्या वाटेवर ऑबर्नला थांबा. ते विद्यापीठाचं शहर असल्याने तिथे पर्याय बरेच आहेत.

अलाबामापर्यंत जाणं जमणार नसेल तर वॉशिंग्टन डीसीतल्या आफ्रिकन-अमेरिकन म्युझियममध्ये टस्कीगीला प्रशिक्षणासाठी वापरलेलं 1944 चं स्टीअरमन छताला टांगलेलं आहे. प्रवेश फुकट आहे, पण वेळेचा पास लागतो आणि शनिवार-रविवारचे पास लवकर संपतात.