कुठले पाटील?

कोल्हापुरात दारावर नुसती 'पाटील' अशी पाटी लावणं आणि पाटीच न लावणं सारखंच. आमच्या अपार्टमेंटात चार बिऱ्हाडं पाटलांची आहेत. येणाऱ्याला वॉचमन विचारतो, 'कुठले पाटील?' आणि तो बिचारा स्वतःच्याच गावाचं नाव सांगतो. परवा मी मागवलेला मिक्सरचा जार तिसऱ्या मजल्यावर पोचला, तिथं आठ दिवस राहिला आणि दोन-चारदा चटणी वाटून झाल्यावर परत आला. लसणाचा वास अजून जात नाही.

असल्याच घोळावर पोलंडमध्ये १९३७ साली एक अख्खा सिनेमा निघाला होता. 'पिएंत्रो विझेय', म्हणजे 'एक मजला वर'. वॉर्सातली एक इमारत, आणि तिथल्या दोन मजल्यांवर आडनाव एकच, पोंचेक. पोंचेक म्हणजे आत गोड सारण भरून तळलेला गोळा. आपल्याकडे कुणाचं आडनाव 'गुलाबजाम' असावं तसंच हे. खालचे पोंचेक घरमालक, वयस्कर, शास्त्रीय संगीताचे भक्त. वरचा पोंचेक तरुण, रेडिओवरचा निवेदक, जाझवेडा. खालच्यांची भाची गावाहून येते आणि आडनावाच्या गोंधळात थेट वरच्याच्या घरात शिरते. पुढचं सांगायला नको.

हा वरचा पोंचेक म्हणजे एउगेनिउश बोदो. त्या काळच्या पोलिश पडद्यावरचा सगळ्यात लाडका माणूस. याच सिनेमात तो हॉलिवूडच्या मे वेस्टचं सोंग घेतो, बाईच्या वेशात मुरडत गातो, आणि इतक्या सहज की बघणाऱ्याला अवघडल्यासारखं अजिबात होत नाही. 'तिला नऊ वाजता भेटायचं ठरलंय' अशा अर्थाचं त्याचं गाणंही यातलंच. चाल हेन्रिक वार्सची. पोलंडमध्ये ते आजही गुणगुणतात. मला भाषेतलं ओ की ठो कळत नाही, पण भांडी घासताना ते लावलं की हात भरभर चालतो.

आता गंमत अशी, की 'बोदो' हे आडनावच नव्हे. खरं नाव बोगदान युजेन झ्युनो. वडील स्विस, वुच शहरात 'उरानिया' नावाचं थिएटर चालवायचे. आई पोलिश, तिच्या नावांपैकी एक दोरोता. बोगदानमधला 'बो' आणि दोरोतामधला 'दो' जोडून पोरानं स्वतःची पाटी रंगवली. आईचं नाव मागं लावणारे पुष्कळ असतात, पण तिला नावात अर्धी जागा देणारा मला तरी हाच माहीत आहे. पुढं स्वतःची चित्रसंस्था काढली, तिला नाव दिलं वडिलांच्या थिएटरचं. म्हणजे दोघांचाही हिशेब चुकता. १९२५ साली मूकपटात आला, बोलपट आल्यावर गळ्यामुळे आणखी चमकला. लग्न केलं नाही. सांबो नावाचा भला मोठा ग्रेट डेन कुत्रा पाळला आणि त्यालाही सिनेमात आणलं. १९३९ साली वॉर्सात त्यानं कॅफे काढला. त्याच सप्टेंबरात युद्ध आलं.

बोदो आजच्या युक्रेनमधल्या ल्वूवला गेला. ते शहर तेव्हा सोव्हिएत ताब्यात. तिथं वार्सच्याच वाद्यवृंदात गायला लागला. पण खिशात स्विस पासपोर्ट होता, आणि त्याच्या जोरावर तो बाहेर पडायच्या खटपटीत होता. जून १९४१ मध्ये सोव्हिएत गुप्त पोलिसांनी त्याला उचललं. परदेशी पासपोर्टवाला म्हणजे संशयित, एवढं त्यांना पुरलं.

महिन्याभरात लंडनमध्ये आसरा घेतलेल्या पोलिश सरकारचा मॉस्कोशी करार झाला आणि सोव्हिएत छावण्यांतल्या पोलिश नागरिकांना सोडायचं ठरलं. त्या करारानं सुटलेल्यांपैकी पाचेक हजार माणसं, बहुतेक बायका आणि मुलं, इराणमार्गे कुठं आली ठाऊक आहे? इथं, कोल्हापूरजवळच्या वळिवड्याला. १९४३ ते १९४८ त्यांची छावणी होती. आता तिथं गांधीनगर आहे. लग्नाचा बस्ता बांधायला आम्ही जातो ना, तेच गांधीनगर.

बोदोसाठीही पोलिश वकिलातीनं खटपट केली. उत्तर आलं: हा तर स्विस, याचा कराराशी काय संबंध? पडद्यावर पोलिशमध्ये गाऊन अख्ख्या देशाला नादावणारा माणूस कागदावर पोलिश नव्हता. पाच वर्षांची सजा झाली. ७ ऑक्टोबर १९४३ रोजी रशियातल्या कोटलासच्या छावणीत तो उपासमारीनं खंगून गेला. त्यावर कडी म्हणजे पुढं कित्येक वर्षं पोलंडमध्ये सांगितलं जायचं, की त्याला जर्मनांनी मारलं.

काल रात्री तो सिनेमा पुन्हा लावला होता. मे वेस्ट नुकती येणार, एवढ्यात बेल वाजली. दारात एक पोरगा, हातात गरम खोकं, हेल्मेट डोक्यावरच.

'पाटील ना?'

'कुठले पाटील?' या खेपेला मीच विचारलं. त्यानं मोबाइल डोळ्यांजवळ नेला, पत्ता पुन्हा वाचला आणि मुकाट वरच्या जिन्याला लागला.