आमची वाटचाल : घ्यायच्या आधी एकदा दाखवा

आमचं काम जुनी गाडी घ्यायच्या आधी ती तपासून देण्याचं. गाड्या आम्ही विकत नाही, कुणाची विकून देत नाही आणि आता दुरुस्तही करत नाही. सुरुवात मात्र दुरुस्तीपासूनच झाली. चुलतभावाचं गॅरेज होतं. तो गाडीखाली, मी टेबलाशी हिशेब आणि गिऱ्हाइकं सांभाळायला. लोक हौसेनं सेकंड हँड गाडी घ्यायचे आणि मग 'जरा बघून द्या' म्हणत आमच्याकडे आणायचे. भाऊ बॉनेट उघडायचा, खाली वाकायचा आणि प्रत्येकाला तेच विचारायचा, "घ्यायच्या आधी का नाही दाखवलीत?" एकदा एक काका त्याच्यावर उखडलेच. "आधी दाखवायची तर कुणाला? तुम्ही करता का ते काम?" करत नव्हतो. मग करू लागलो.

काही काळ दोन्ही चालू ठेवलं. पण जो दोष काढणार तोच दुरुस्तीचं बिल लावणार म्हटल्यावर गिऱ्हाइकाच्या मनात शंका येते, आणि ती रास्तच असते. म्हणून रॅम्प ठेवला आणि दुरुस्ती बंद केली. काही विक्रेतेही येऊन गेले. गाडी पास करा, तुमचं आम्ही बघू, अशी भाषा. त्यांना हात जोडले. धंदा त्यामुळे सावकाश वाढला, अजूनही आम्ही मोजकीच माणसं आहोत.

पहिली काही वर्षं हॅचबॅक आणि सेडानच जास्त यायच्या. मग छोट्या क्रॉसओव्हर आल्या. निसानची ज्यूक २०१० मध्ये बाजारात उतरली, रेनोची कॅप्चर आणि पेजोची २००८ (हे मॉडेलचं नाव, साल नव्हे) २०१३ मध्ये. त्या पहिल्या मालकांच्या हातून सुटायला लागल्या तसं आमच्या कामाचं रूप बदललं. या वर्गातली गाडी दिसायला एसयूव्ही असते, पण सांगाडा बहुधा छोट्या हॅचबॅकचा असतो. उंचावर बसायला मिळतं, पार्किंगला जागा कमी लागते, लोकांना आवडल्या नसत्या तरच नवल. तपासणाऱ्याला मात्र हा वर्ग नाठाळ. वजन वाढलं, धुराचे नियम कडक होत गेले, म्हणून इंजिनं लहान झाली, त्यांना टर्बो (इंजिनात जादा हवा कोंबणारा पंखा) लागले, आणि साध्या गिअरबॉक्सच्या जागी सीव्हीटी किंवा ड्युअल क्लच हे ऑटोमॅटिक प्रकार आले. एकाच नावाखाली तीन-चार इंजिनं आणि दोन-तीन गिअरबॉक्स. फोनवर कुणी विचारलं, "ही गाडी कशी आहे हो?" तर आमच्याकडे उत्तर नसतं. कुठलं इंजिन, कुठला गिअरबॉक्स, कुठल्या सालची, ते सांगा, मग बोलू.

फोर्डची इकोस्पोर्ट घ्या. अमेरिकेत ती २०१८ पासून दोन इंजिनांत विकली गेली. १ लिटरच्या तीन सिलिंडर टर्बो इंजिनात ऑइल पंप फिरवणारा बेल्ट इंजिन ऑइलमध्येच चालतो. त्या बेल्टचे दाते जाण्याची किंवा त्याला ताणून धरणारा टेन्शनर तुटण्याची आणि त्यामुळे ऑइलचं प्रेशर बसण्याची शक्यता दिसल्यावर फोर्डने २०२३ च्या डिसेंबरात २०१८ ते २०२२ या मॉडेल वर्षांच्या १ लिटरवाल्या गाड्या परत बोलावल्या. २ लिटरवाल्या त्यात नव्हत्या. बाहेरून दोघी बहिणी-बहिणी. 'इकोस्पोर्ट घेऊ की नको' हा प्रश्न म्हणूनच अर्धवट राहतो.

आमच्याकडे नवीन मुलगा लागला की त्याच्या हाती आधी ब्रोशर देतो, स्कॅनर (गाडीच्या कॉम्प्युटरमधले दोषांचे कोड वाचणारं यंत्र) नंतर. ब्रोशर वाचता येणं ही वेगळीच कला आहे. ज्यूकची डिकी पहिल्या आवृत्तीत २५१ लिटर होती. २०१४ च्या बदलानंतर फ्रंट व्हील ड्राइव्ह (इंजिन फक्त पुढची चाकं फिरवतं अशा) गाडीत ती ३५४ झाली, आणि २०१९ च्या दुसऱ्या पिढीत ४२२. नाव तेच. 'ज्यूकची डिकी मोठी आहे म्हणे' असं ऐकून आलेल्या माणसाच्या सुटकेसा मावतील की नाही, ते सालावर ठरतं. पहिल्या पिढीच्या ऑल व्हील ड्राइव्ह (चारही चाकांना जोर मिळणाऱ्या) ज्यूकला मागे अनेक दांड्यांचं मल्टिलिंक सस्पेन्शन आहे, फ्रंट व्हील ड्राइव्हला साधा टॉर्शन बीम, म्हणजे दोन्ही चाकं जोडणारी एकच आडवी तुळई. पहिल्यात बुश (जोडांतले रबर) आणि जोड जास्त, म्हणजे झिजायच्या जागा जास्त. ग्राउंड क्लिअरन्सचा आकडा रिकाम्या गाडीचा की माणसं भरल्यानंतरचा, हे प्रत्येक कंपनी स्पष्ट लिहीलच असं नाही. दोन गाड्यांत दहा-पंधरा मिलिमीटरच्या फरकावर भांडणारे लोक बघितले की मी गप्प बसतो. पॉवरचा आकडा सगळ्यांना तोंडपाठ असतो. टॉर्क, म्हणजे चाकं फिरवणारा जोर, किती आरपीएमला (इंजिनाच्या मिनिटाला किती फेऱ्यांवर) मिळतो ती ओळ कुणी वाचत नाही, आणि चढावर पाच माणसं घेऊन गेल्यावर नेमकी तीच ओळ कामाला येते.

या वर्गात आमचा सगळ्यात जास्त वेळ कशावर जात असेल तर ऑइलमध्ये भिजणाऱ्या टायमिंग बेल्टवर, म्हणजे इंजिनाच्या झडपांची उघडझाप वेळेवर ठेवणाऱ्या पट्ट्यावर. पेजो, सिट्रोएन आणि ओपेलच्या छोट्या क्रॉसओव्हरमधलं १.२ लिटरचं प्युअरटेक पेट्रोल इंजिन हे त्याचं ठळक उदाहरण. बेल्ट ऑइलमध्ये असला की घर्षण कमी, आवाज कमी, कागदावर सगळं छान. पण इंजिन नीट तापायच्या आतच बंद होणाऱ्या छोट्या फेऱ्या रोज झाल्या की न जळलेलं पेट्रोल ऑइलमध्ये उतरतं. त्यानं बेल्टचं रबर फुगतं, मग त्याचे कण सुटतात आणि ऑइल पंपाच्या जाळीत जाऊन बसतात. ऑइल कमी पोचलं की ब्रेकला जोर देणारा व्हॅक्यूम पंपही कमजोर पडतो आणि ब्रेकचं पेडल जड होतं. बेल्टपासून सुरू झालेली गोष्ट ब्रेकपर्यंत जाते. २०२४ मध्ये या तिन्ही ब्रँडची मालक कंपनी स्टेलांटिसने युरोपात या दोषासाठीचं संरक्षण १० वर्षे किंवा १,७५,००० किलोमीटरपर्यंत वाढवलं. त्यासाठी सर्व्हिस वेळेवर झालेली असणं ही अट. पुढच्या हायब्रिड आवृत्तीत कंपनीने बेल्ट सोडून चेन घेतली.

या इंजिनात ऑइल भरायचं झाकण काढलं की आत बेल्ट दिसतो. भाऊ टॉर्च मारतो, बोटानं कडा चाचपतो, मग रुंदी मोजायची गेज बेल्टवर बसवून बघतो. गेज सहज बसली तर ठीक. अडली, तर बेल्ट फुगलाय. पाठीवर बारीक भेगा असल्या तर गेज लावायचीही गरज नाही. विक्रेता तोवर टायर कसे नवीन आहेत ते सांगत असतो. आम्ही सर्व्हिसची बिलं मागतो आणि त्यात फक्त तारखा नाही, ऑइलचा ग्रेड बघतो. अशा इंजिनात भलत्या ग्रेडचं ऑइल म्हणजे बेल्टचं आयुष्य कमी झालं असं धरूनच चालतो.

गिअरबॉक्सचं तंत्र वेगळं. सीव्हीटीत दोन पुलींमध्ये स्टीलचा पट्टा फिरतो. थंड असताना ती बहुतेक वेळा गुणी वाटते. म्हणून गाडी चांगली तापेपर्यंत चालवायची, मग हलक्या पायानं, ताशी तीस ते पन्नासच्या दरम्यान, सावकाश वेग वाढवायचा. बारीक थरथर जाणवली, किंवा इंजिनाचे आरपीएम चढले आणि गाडी मागे राहिली, तर कान टवकारायचे. 'याचं ऑइल आयुष्यभर बदलावं लागत नाही' असं विक्रेता म्हणाला की भाऊ विचारतो, "कुणाच्या आयुष्यभर?"

कोरड्या (ऑइलमध्ये न बुडणाऱ्या) दोन क्लचचा ड्युअल क्लच गिअरबॉक्स उलट गर्दीत पकडला जातो. फोक्सवॅगन समूहाचा सात गिअरचा डीक्यू२०० हा त्यातला सगळ्यांना माहीत असलेला. तो २५० न्यूटन मीटर टॉर्कपर्यंतच्या इंजिनांसाठी बनवलेला आहे आणि टी-क्रॉससारख्या गाड्यांत मिळतो. २०१३ च्या नोव्हेंबरात फोक्सवॅगनने सात गिअरच्या डीएसजीतलं (त्यांच्या ड्युअल क्लच गिअरबॉक्सचं हे नाव) सिंथेटिक ऑइल काढून मिनरल ऑइल भरण्यासाठी जगभरातून सुमारे १६ लाख गाड्या बोलावल्या होत्या. पुढे यात बऱ्याच सुधारणा झाल्या, पण क्लच कोरडाच राहिला, आणि रांगत्या गर्दीत तो तापतो. आम्ही रिव्हर्समध्ये हलक्या चढावर गाडी इंचाइंचानं मागे घेतो. तिथे गचके बसले, तर हमरस्त्यावर ती कितीही लोण्यासारखी चालली तरी रिपोर्टमध्ये लाल शेरा पडतो.

आता स्कॅनर. हे यंत्र आलं तेव्हा वाटलं होतं, भावाच्या कानांची गरज संपली. झालं भलतंच. बाजारात स्वस्त स्कॅनर आले आणि विक्रेतेही शहाणे झाले. एकाची गाडी तपासत होतो. डॅशबोर्ड स्वच्छ, एकही दिवा नाही. "बघा दादा, एक कोड निघाला तर सांगा." खरंच नाही निघाला. पण कोड पुसल्यानंतर गाडी किती चालली याचीही नोंद इंजिनाच्या कंट्रोल युनिटमध्ये असते. तिथे आकडा होता नऊ किलोमीटर. म्हणजे इंजिनाचा दिवा पेटत होता आणि आमच्याकडे निघायच्या आधी कुणीतरी तो विझवला होता. धूर स्वच्छ करणारा कॅटॅलिटिक कन्व्हर्टर आणि ऑक्सिजन सेन्सर यांच्या स्वयंचाचण्याही 'अपूर्ण' दाखवत होत्या. कोड पुसला की त्या नव्यानं सुरू होतात आणि पूर्ण व्हायला बऱ्यापैकी ड्रायव्हिंग लागतं. विक्रेत्याला एवढंच म्हटलं, गाडी काही दिवस वापरा, मग परत आणा. तो परत आला नाही.

डिझेल क्रॉसओव्हर आली की मी पहिलं माणसाला विचारतो, गाडीला नंतर. रोज किती चालवणार? एक ताई आल्या होत्या, शाळेत शिकवतात, घर ते शाळा जेमतेम तीन किलोमीटर. गाडी सुरेख होती, एका हातची, लांबच्या प्रवासात वापरलेली. मी म्हटलं, "ताई, गाडी चांगली आहे, पण तुमच्यासाठी नाही." डीपीएफ म्हणजे धुरातली काजळी धरणारा फिल्टर. तो अधूनमधून सुमारे सहाशे अंश तापून काजळी जाळतो आणि त्यासाठी सलग वेगात काही वेळ चालणं लागतं. तीन किलोमीटरच्या फेरीत ते अर्ध्यावर तुटतं आणि जळण्यासाठी सोडलेलं जादा डिझेल ऑइलमध्ये उतरतं. म्हणून डिझेलची डिपस्टिक (ऑइलची पातळी बघायची काडी) काढली आणि ऑइल खुणेच्या वर आलेलं दिसलं की ती खूण आम्हाला कमी ऑइलपेक्षा जास्त घाबरवते. ताईंनी नंतर पेट्रोल घेतली, टर्बो नसलेली, मॅन्युअल. माझ्या मते रोजच्या छोट्या फेऱ्यांना या वर्गात अजूनही तीच जोडी बरी, पिकअपचं कितीही कौतुक करा.

पत्रा आणि रंग हा भाग पटकन होतो. कंपनीचा रंग साधारण शंभर ते दीडशे मायक्रॉनचा असतो. रंगाची जाडी मोजायच्या गेजवर एखाद्या दारावर तीनशे आला तर परत रंगवलंय, हजाराच्या पुढे गेला तर खाली पुट्टी. परत रंगवलेलं दार म्हणजे आभाळ कोसळलं असं नाही. ओरखडा उठतोच. पण चासिसच्या टोकांवर, जिथे कंपनी स्पॉट वेल्डिंग करते, तिथे हातानं केलेलं वेल्डिंग दिसलं तर आम्ही पुढचं तपासायच्या आधी गिऱ्हाइकाला फोन लावतो. टायरवरच्या चार आकड्यांत आठवडा आणि साल असतं, २३१९ म्हणजे २०१९ चा तेविसावा आठवडा. ऑल व्हील ड्राइव्ह गाडीत दोन टायर नवे आणि दोन गुळगुळीत असतील तर मागच्या कपलिंगवर (मागच्या चाकांना जोर पोचवणाऱ्या जोडावर) सतत ताण येत राहिलेला असतो. मग स्टीअरिंग पूर्ण वळवून गाडी सावकाश गोल फिरवतो आणि चाकं ओढतात का ते बघतो. सनरूफच्या नळ्या तुंबल्या की पाणी पायाखालच्या कार्पेटमध्ये उतरतं, तिथे हात घालून बघायला काही लागत नाही.

एअरबॅगच्या बाबतीत मात्र आम्ही हट्टी आहोत. टकाटा या जपानी कंपनीच्या इन्फ्लेटरमधलं (एअरबॅग फुगवणाऱ्या भागातलं) अमोनियम नायट्रेट उष्णता आणि दमटपणात वर्षानुवर्षं राहून बिघडतं आणि एअरबॅग उघडताना धातूचे तुकडे उडू शकतात. जगभरात सुमारे दहा कोटी इन्फ्लेटर यासाठी परत बोलावले गेले. चासिस नंबरवरून रिकॉल (कंपनीनं परत बोलावून दुरुस्ती करणं) बाकी आहे का हे कंपनीकडे विचारता येतं. ते उत्तर आल्याशिवाय रिपोर्टवर आमची सही होत नाही.

रिपोर्ट पूर्वी लांबलचक असायचा. लोक शेवटचं पान उलटून विचारायचे, "म्हणजे घेऊ ना?" आता एकच पान देतो. या इंजिन-गिअरबॉक्सच्या जोडीची ओळखीची दुखणी कोणती, ती या गाडीत कुठवर आलीत, आणि पुढे कोणती कामं निघतील, एवढंच त्यात असतं. घ्या किंवा नका घेऊ असं लिहीत नाही. विक्रेत्याशी घासाघीस करायला तेवढं पुरतं, आणि बरेच जण तेच पान त्याच्यासमोर ठेवून सौदा करतात.

तपासणीची वेळ घेताना एक विनंती असते. गाडी रात्रभर उभी असू द्या आणि सकाळी आम्ही येईपर्यंत चावी फिरवू नका. थंड इंजिन सुरू होताना चेनचा खडखडाट, निळा धूर, टर्बोची शिट्टी जे काही असेल ते पहिल्या काही सेकंदांत ऐकू येतं किंवा दिसतं. आम्ही पोचलो आणि बॉनेट कोमट लागलं, तर तपासणी दुसऱ्या दिवशी. विक्रेता कितीही घाईत असला तरी.