कंसातला (क्ष − ३) खोडताना
खानापूरच्या मराठी शाळेतून दहावी झाल्यावर मी बेळगावात पीयूसीला, म्हणजे कर्नाटकातल्या अकरावी-बारावीला, विज्ञान शाखा घेतली आणि पहिल्याच वर्षी ‘लिमिट्स’ म्हणजे सीमा हे प्रकरण इंग्रजीतून समोर आले. पहिल्या चाचणीत, क्ष ३ कडे जात असताना (क्ष² − ९)/(क्ष − ३) ची सीमा, म्हणजे त्याची किंमत कोणत्या संख्येकडे सरकते ते, काढायची होती. मी ३ ही किंमत घातली, अंश आणि छेद दोन्ही शून्य आले, म्हणून उत्तरही शून्य लिहिले. गुण गेले. नंतर मैत्रिणीच्या वहीतून रीत उतरवून घेतली: अवयव पाडायचे, (क्ष − ३) खोडायचा, उरलेल्या (क्ष + ३) मध्ये ३ घालायचे, उत्तर ६.

गावी आमच्या गल्लीतल्या निवृत्त गुरुजींना वही दाखवली, तेव्हा त्यांनी खोडलेल्या कंसावरच बोट ठेवले. “शून्यानं भागता येत नाही हे तुला ठाऊक आहे. मग हा कंस खोडलास कसा?” मला उत्तर देता येईना.

त्यांनी दुसरे उदाहरण घातले, (√(क्ष + ४) − २)/क्ष, आणि क्षला शून्याच्या जवळच्या किमती द्यायला लावल्या. ०.१ ला ०.२४८५ आले, ०.०१ ला ०.२४९८, आणि −०.०१ ला ०.२५०२. दोन्ही बाजूंनी आकडे ०.२५ कडे सरकत होते आणि क्ष स्वतः एकदाही शून्य झाला नव्हता. सीमा काढताना क्ष त्या संख्येच्या हवा तितका जवळ जातो, पण ती संख्या होत नाही, म्हणूनच कंस शून्य नसतो आणि तो खोडता येतो, हे मला त्या संध्याकाळी खऱ्या अर्थाने कळले.

मग संयुग्मी, म्हणजे मधले चिन्ह बदललेल्या √(क्ष + ४) + २ ने अंश-छेदाला गुणले. अंशात नुसता क्ष उरला, तो छेदातल्या क्षबरोबर गेला आणि १/४ आले. शाळेत आम्ही नेहमी छेदाचे परिमेयीकरण केलेले, म्हणजे छेदातले वर्गमूळ घालवलेले, त्यामुळे अंशाचे करताना काही दिवस हात अडखळत असे.

तेव्हापासून मी आधी किंमत घालून पाहते आणि ०/० आले तरच अवयवांकडे किंवा संयुग्मीकडे वळते. सहामाहीत (क्ष² + ९)/(क्ष − ३) आले, तेव्हा ३ घालताच १८/० मिळाले. खोडण्यासारखे काहीच नव्हते. ३ च्या उजवीकडून किंमत धन बाजूला आणि डावीकडून ऋण बाजूला अमर्याद वाढत जाते, म्हणून सीमा अस्तित्वात नाही, असे मी लिहिले.