मावशीच्या पेन्शनमधले दोनशे नव्व्याण्णव

बडोद्यात रावपुऱ्यातल्या आणि मांडवीतल्या लहान दुकानदारांचे हिशेब लिहायचं माझं काम. त्यामुळे बँकेचं स्टेटमेंट हातात आलं की मी ते पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत वाचते, मग ते दुकानाचं असो की घरातल्या कुणाचं. मोठे आकडे ज्याचे त्याला आठवत असतात. मी बघते ते लहान आकडे, दर महिन्याला साधारण त्याच तारखेला, त्याच रकमेने जाणारे. ९९, १४९, २९९, ४९९. अलीकडे हे इतक्या लोकांच्या खात्यांत दिसायला लागलेत की आज सविस्तर लिहायलाच बसले.

दांडिया बाजारात माझी मावशी राहते. काका गेल्यापासून तिचं घर फॅमिली पेन्शनवर चालतं. रिटर्नसाठी तिचं स्टेटमेंट वाचत होते तर दर महिन्याला २९९ रुपये जाताना दिसले. नाव कुठल्या तरी पेमेंट कंपनीचं, त्यावरून काहीच कळेना.

"मावशी, हे दोनशे नव्व्याण्णव कशाचे गं?"

"मोबाईलचे असतील. नातू भरतो ना माझा रिचार्ज."

नातवाला फोन केला. तो रिचार्ज स्वतःच्या खात्यातून भरत होता. मग मावशीचा फोन घेऊन जुने मेसेज चाळले. निघालं ते आरत्या आणि पंचांगाचं एक ॲप. 'फक्त १ रुपयात ७ दिवस' अशी जाहिरात होती. मावशीने रुपया दिला, पिन टाकला, चार दिवस आरत्या ऐकल्या. जाहिराती फार येतात म्हणून ॲप काढूनही टाकलं.

"ते तर मी तेव्हाच डिलीट केलं," मावशी म्हणाली. "वस्तूच घरात नाही, तर पैसे कसे जातील?"

हा प्रश्न मला जवळजवळ प्रत्येक जण विचारतो, आणि तो अगदी रास्त आहे. म्हणून याचं उत्तर नीट देते. फोनमधलं ॲप ही एक गोष्ट आणि पैसे कापायची परवानगी ही दुसरी गोष्ट. तो एक रुपया देताना आपण नुसता रुपया देत नाही. 'यापुढे दर महिन्याला इतक्या रकमेपर्यंत माझ्या खात्यातून घ्या' अशी मंजुरीही त्याच पिनने देतो. तिला मँडेट म्हणतात. ती मंजुरी फोनमध्ये राहत नाही, ती आपल्या खात्याशी बांधलेली असते. ॲप काढा, फोन बदला, फोन पाण्यात पडो, ती चालूच राहते. मावशीच्या मंजुरीवर शेवटची तारीख बघितली तर ती कित्येक वर्षांनंतरची होती.

हे कळल्यावर मावशी आधी शेजारच्या काकूंना घेऊन बँकेत जाऊन आली. काउंटरवरच्या मुलाने सांगितलं, "आजी, कार्ड ब्लॉक करून टाका." तिने केलं. नवीन कार्ड येईपर्यंत एटीएमला जाता येईना, आणि पुढच्या महिन्यात २९९ पुन्हा गेलेच. जाणारच होते. मंजुरी यूपीआयमधून दिलेली होती, तिचा कार्डाशी काही संबंध नव्हता. मला राग आला तो याचा. वयस्कर बाई दोन जिने उतरून, रिक्षा करून बँकेत येते, तर तिला निदान एवढं विचारावं की पैसे जातात ते कशातून जातात, कार्डातून, यूपीआयमधून की 'नाच'मधून (NACH, म्हणजे हप्ते-प्रीमियम थेट बँक खात्यातून कापायची पद्धत)? कुठून बंद करायचं ते त्या एका प्रश्नाच्या उत्तरावर ठरतं.

यूपीआयचं असेल तर काम सोपं आहे. ज्या यूपीआय ॲपमधून मंजुरी दिली ते उघडायचं, आपल्या प्रोफाइलमध्ये जायचं आणि 'ऑटोपे' शोधायचं. तिथे चालू मंजुऱ्यांची यादी मिळते: कुणाला, किती रकमेपर्यंत, किती दिवसांनी, कधीपर्यंत. नको ती उघडून रद्द करायची आणि पिन टाकायचा. मावशीचं काम तिच्या स्वयंपाकघरात उभ्या उभ्या झालं, चहा उकळायच्या आत. त्या यादीत आणखी एक इंग्रजी शिकवणारं ॲपही निघालं, नातवंडं सुट्टीत आली होती तेव्हाचं. त्याचीही मंजुरी काढली. कंपनीला फोन लावायला लागला नाही, कारण विचारणारा फॉर्म भरायला लागला नाही. परवानगी आपण दिलेली असते, आपली आपण परत घेता येते, त्यासाठी कुणाच्या विनवण्या कराव्या लागत नाहीत. मला सगळ्यात जास्त हेच सांगायचं आहे.

कार्डाचं असेल तर बँकेच्या नेटबँकिंगमध्ये किंवा ॲपमध्ये 'ई-मँडेट' किंवा 'स्टँडिंग इन्स्ट्रक्शन' नावाची जागा असते. बऱ्याच बँकांची ही सोय 'एसआय हब' नावाच्या साइटवर आहे, तिथे कार्डाची माहिती आणि ओटीपी देऊन सगळ्या मंजुऱ्या दिसतात. ही सोय बँकेने मेहरबानी म्हणून दिलेली नाही. रिझर्व्ह बँकेच्या नियमानुसार तिला ती द्यावीच लागते, आणि तिचे पैसेही घेता येत नाहीत.

ऑक्टोबर २०२१ आठवतं का? तेव्हा अशा मंजुऱ्यांबद्दलचे रिझर्व्ह बँकेचे नवे नियम लागू झाले आणि कितीतरी लोकांच्या कार्डावरचे दरमहाचे व्यवहार अचानक अडकले होते. माझ्या दुकानदारांपैकी काहींची वेबसाइटची बिलं थांबली, आणि सगळे रिझर्व्ह बँकेला बोल लावत होते. मला मात्र तेव्हाही वाटत होतं आणि आजही वाटतं की ग्राहकासाठी झालेल्या चांगल्या कामांपैकी ते एक होतं. त्याआधी कार्डाचा नंबर एकदा दिला की पुढे कुणी किती कापतंय हे बिल आल्यावरच कळायचं. आता मंजुरी देताना ओटीपी लागतो, पैसे कापायच्या निदान २४ तास आधी कळवावं लागतं, आणि त्या मेसेजमध्ये कंपनीचं नाव, रक्कम आणि तारीख द्यावी लागते. तो वाचून आपण तो एक व्यवहार किंवा पूर्ण मंजुरीच नाकारू शकतो. ओटीपीशिवाय कापायची मर्यादा पूर्वी ५,००० रुपये होती. जून २०२२ मध्ये ती १५,००० झाली.

आता 'एक रुपयात ट्रायल' या प्रकाराबद्दल. हे नुसतं चिडचिड करण्यासारखं नाही, बेकायदेशीरही असू शकतं. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ३० नोव्हेंबर २०२३ ला 'डार्क पॅटर्न्स'विरुद्ध मार्गदर्शक तत्त्वं काढली. ग्राहकाला फसवणाऱ्या किंवा अडकवणाऱ्या १३ प्रकारांची त्यात यादी आहे, आणि 'सबस्क्रिप्शन ट्रॅप' हा त्यातला एक. रद्द करण्याचं बटण लपवणं, रद्द करायची वाट मुद्दाम लांबलचक करणं, आणि फुकट सेवेसाठीसुद्धा ऑटो डेबिटची मंजुरी मागणं, हे सगळं त्यात मोडतं. रद्द करताना 'तुम्हाला खरंच देवाची सेवा सोडायची आहे?' अशा धर्तीचं वाक्य समोर येतं ना, त्यालाही त्या यादीत वेगळं नाव आहे. माणसाला लाजवून थांबवणं हा तिथे स्वतंत्र प्रकार धरला आहे. मावशीसारखी बाई असं वाक्य वाचून खरोखर थांबते. म्हणून ते लिहिणाऱ्याचा मला संताप येतो.

पण मंजुरी काढली म्हणजे प्रत्येक वेळी हिशेब मिटला असं नाही, हेही सांगते. माझा भाचा इथल्या विद्यापीठात फाइन आर्ट्सला आहे. त्याने चित्रांचं एक सॉफ्टवेअर घेतलं होतं. त्याला वाटत होतं की ते महिन्याच्या बोलीवर आहे. अटी वाचल्या तर करार वर्षाचा होता, फक्त पैसे महिन्याला जात होते, आणि मध्येच सोडलं तर उरलेल्या महिन्यांवर आकार होता. तिथे आधी कंपनीच्या साइटवर रीतसर रद्द करून, ईमेल जपून, मग मंजुरी काढायची. व्यायामशाळेच्या वार्षिक फीचंही तेच. आणि कर्जाचा हप्ता किंवा विम्याचा प्रीमियम जात असेल तर त्याच्या मंजुरीला हात लावायचाच नाही. हप्ता परत गेला की बँक दंड लावते, सिबिलवर, म्हणजे कर्जफेडीच्या नोंदीवर, डाग पडतो. विमा बंद पडू शकतो. यादीतलं नाव ओळखीचं वाटत नाही म्हणून घाईने काढू नका, आधी शोधा.

प्ले स्टोअरमधून घेतलेलं काही असेल तर प्ले स्टोअर उघडून वर आपल्या फोटोवर दाबायचं. 'पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्स'मध्ये ते सापडतं. आयफोनवर सेटिंगमध्ये आपल्या नावावर दाबलं की 'सबस्क्रिप्शन्स' दिसतं. रद्द केल्यावरही ज्या तारखेपर्यंतचे पैसे भरलेत तोपर्यंत सेवा चालू राहते, त्यामुळे शेवटच्या दिवसाची वाट बघायची गरज नसते.

एक गोष्ट कळवळून सांगते. कंपनीचा फोन नंबर गूगलवर शोधू नका. तिथे भामट्यांनी लावून ठेवलेले नंबर असतात. "रिफंड देतो, स्क्रीन शेअर करा, पिन टाका" असं कुणी म्हणालं की फोन ठेवा. मंजुरी रद्द करताना पिन टाकायचा तो आपण स्वतः, आपल्या यूपीआय ॲपमध्ये, कुणी फोनवर सांगत नसताना. पैसे यायला पिन कधीच लागत नाही. चुकून गेलेच पैसे तर त्याच क्षणी १९३० ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, फोन करा.

मावशीचे गेलेले पैसे? आधी ॲपमधल्या पत्त्यावर ईमेल केला. तारखा, रकमा, व्यवहाराचे नंबर आणि मंजुरी रद्द केल्याचा स्क्रीनशॉट असं सगळं त्यात जोडलं. उत्तर आलं नाही. मग १९१५ वर, म्हणजे राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर, तक्रार नोंदवली. तिथे मराठीतही बोलता येतं, मावशीने स्वतःच बोलून सांगितलं. त्यानंतर कंपनीने शेवटच्या दोन महिन्यांचे पैसे परत केले. त्याआधीच्यांना नकार दिला. बँकेकडेही लेखी तक्रार दिली आहे, कार्ड ब्लॉक करायला लावल्याबद्दल. बँकेने ३० दिवसांत उत्तर दिलं नाही किंवा ते पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे ऑनलाइन जाता येतं. फी नाही, वकील नाही.

त्या तक्रारीत मी एक मागणीही घातली आहे. पैसे कापण्याआधीचा मेसेज मावशीला दर महिन्याला येत होता. नियम पाळला गेला होता. पण तो इंग्रजीत होता, लोनच्या आणि सेलच्या पन्नास मेसेजांत दबलेला, आणि मावशी मराठी आणि गुजराती वाचते. शाखेतले फॉर्म गुजरातीत मिळतात, पासबुक गुजरातीत छापून मिळू शकतं, मग हा एक मेसेज खातेदाराने निवडलेल्या भाषेत का येऊ नये? तुमच्या घरच्या वडीलधाऱ्यांची खाती असतील तर तुमच्या शाखेतही हेच लेखी मागा. अर्जावर पोच घ्यायला विसरू नका.