मागची ओळ धरणारी धवलारीण

अलिबागच्या खारेपाटात आगरी घरचे लग्न पूर्वी धवलारिणीशिवाय, म्हणजे धवला ही लग्नविधींची गाणी म्हणणाऱ्या बाईशिवाय, पुरे होत नसे. मांडव घालण्यापासून हळदीपर्यंतच्या विधींना धवला लागतो, कार्ल्याच्या एकवीरेपासून गावदेवीपर्यंत सर्वांना आवतण त्यातूनच जाते, आणि त्याला ना ढोलकी असते ना पेटी. मी १९८७ साली या घरात सून म्हणून आले आणि आतेसासूंच्या मागे उभी राहून म्हणू लागले.

शिकवणी अशी नव्हतीच. त्यांनी ओळ म्हणायची आणि त्यांचा श्वास संपण्याआधी मागे उभ्या असलेल्या आम्ही दोघींनी शेवटचा शब्द उचलून तीच ओळ परत म्हणायची. मध्ये फट पडली की सूर खाली बसतो आणि वाद्य नसल्यामुळे तो सावरायला कोणी नसते. मी वही काढली तेव्हा त्या रागावल्या, कारण ओळ कागदावरून नव्हे तर पुढचीच्या ओठांवरून घ्यायची असते. (महानुभाव पंथातील महदाइसेने १३व्या शतकात श्रीकृष्ण-रुक्मिणीच्या विवाहावर धवळे रचले होते, हे मला पुढे शिक्षिका झाल्यावर वाचनात आले, आतेसासूंना मात्र त्याचे फारसे अप्रूप वाटले नाही.)

त्यांच्यानंतर पुढची जागा माझ्याकडे आली. दिवसा वर्गात चाळीस मुले आणि रात्री मांडवात डीजे, अशा दोन्हींवर आवाज चढवता चढवता २०११ च्या लग्नसराईत माझा गळा बसला. चार महिने मी घशाच्या संसर्गाची औषधे घेतली, आणि ते चार महिने वाया गेले याची चुटपुट अजून आहे. अखेर दुर्बिणीने तपासल्यावर दोन्ही स्वरतंतूंवर गाठी दिसल्या. शस्त्रक्रियेची घाई न करता आधी मौन आणि नंतर आवाजाचे व्यायाम सांगण्यात आले. कुजबुजणेही बंद, कारण त्यानेही स्वरतंतूंवर ताण येऊ शकतो. दहा दिवस मी नातवंडाची पाटी घेऊन घरात वावरले. त्यानंतर ओठ फुरफुरवणे आणि पाण्यात नळी बुडवून हुंकार देत बुडबुडे काढणे. घरच्यांची चांगली करमणूक झाली.

आवाज सात महिन्यांनी परतला, पण वरच्या पट्टीत तो टिकेना. मीच तयार केलेली पुतणी आता पुढे उभी राहते आणि मी तिच्या मागे. पहिल्या लग्नात हे फार झोंबले. नंतर लक्षात आले की देवांची नावे लागोपाठ घेताना तिचा श्वास दर वेळी एकाच ठिकाणी अपुरा पडतो. तिथे मी अर्धा शब्द आधीच ओळ उचलते आणि ऐकणाऱ्याला काही कळत नाही.

बोलावणे घेतानाच आम्ही आता सांगून ठेवतो की धवला चालू असेपर्यंत डीजे बंद राहील. गेल्या वैशाखात पेणकडच्या एका घराने ते मानले नाही, तेव्हा आम्ही तिघींनी नवरीची ओटी भरली, पान घेतले आणि शेवटच्या एसटीने परत आलो.